घंगाळाची चोरी आणि जिल्ह्याचा आकडा

आमच्या घरात तांब्याचं एक मोठं घंगाळ होतं. आजीच्या लग्नातलं, दोन माणसांनी मिळून उचलावं असं. १९६८ साली दिवाळीच्या तोंडावर ते परसातून नाहीसं झालं. मी तेव्हा अकरा वर्षांचा होतो. आमचं गाव तुळजापूर तालुक्यातलं, सोलापूरच्या हद्दीपासून चार-पाच कोसांवरचं. वडिलांनी ठाण्यात जाऊन तक्रार दिली. त्या दिवसांत ओढ्याकाठी पारध्यांची तीन पालं उतरली होती. पोलीस आले. घरात त्यांनी फारशी विचारपूस केली नाही. थेट ओढ्याकडे गेले आणि पालांवरच्या दोन तरुणांना घेऊन गेले. दोन दिवसांनी निरोप आला, गुन्हा कबूल झाला. दोघांपैकी एकाला तीन महिन्यांची शिक्षा झाली. घंगाळ मात्र मिळालं नाही.

ते मिळालं संक्रांतीच्या सुमारास. माझ्या धाकट्या चुलत्यानं ते सोलापुरात एका सावकाराकडे गहाण टाकलं होतं. व्याज चढायला लागलं तेव्हा त्याला घरी सांगणं भाग पडलं. वडिलांनी पैसे भरून घंगाळ सोडवून आणलं. त्या रात्री आई म्हणाली, "अहो, त्या पोराचं काय?" वडील बराच वेळ गप्प राहिले. मग म्हणाले, "आता ठाण्यात गेलो तर घरचाच माणूस आत जाईल." विषय तिथंच संपला. पालं तोवर उठून गेली होती.

पुढं माझा जन्म इतिहास शिकवण्यात गेला. दर वर्षी राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाचा अहवाल आला, की वर्तमानपत्रांत याद्या येतात. गुन्ह्यांत अमुक राज्य पहिलं, तमुक राज्य शेवटचं, आपला जिल्हा कितवा. त्या याद्या वाचताना मला हमखास ते घंगाळ आठवतं. १९६८ सालच्या जिल्ह्याच्या हिशेबात आमच्या घरची एक चोरी आहे. एक चोरी झाली, एक उघडकीला आली, एकाला शिक्षा झाली. तिन्ही आकडे कागदावर बरोबर आहेत आणि घडलेली गोष्ट साफ वेगळी आहे. म्हणून आज मला या आकड्यांविषयीच बोलायचं आहे. देशाच्या एका भागात गुन्हे जास्त आणि दुसऱ्या भागात कमी दिसतात, ते कशामुळं?

हा प्रश्न आकड्यांच्या आधारे पहिल्यांदा नीट विचारला गेला तो फ्रान्समध्ये. तिथल्या सरकारनं १८२७ पासून देशभरातल्या फौजदारी खटल्यांची वार्षिक आकडेवारी छापायला सुरुवात केली. आंद्रे-मिशेल गेरी नावाच्या एका तरुण वकिलानं ती घेऊन १८३३ मध्ये एक ग्रंथ काढला. त्यात फ्रान्सच्या ८६ विभागांचे नकाशे होते. जिथं गुन्हे जास्त तिथं रंग गडद. त्या काळी शहाणे लोक धरून चालले होते, की जिथं गरिबी आणि अज्ञान तिथं गुन्हा. नकाशांनी वेगळंच दाखवलं. मारामाऱ्या, खून हे दक्षिणेकडं जास्त होते आणि चोऱ्या उत्तरेकडच्या संपन्न भागांत जास्त. विचार केला तर त्यात नवल नाही. चोरायला आधी घरात काही असावं लागतं. शिक्षणाचा आणि गुन्ह्याचा तर सरळ संबंध कुठंच जुळेना.

त्याच सुमारास बेल्जियमचा केतले हा संख्याशास्त्रज्ञ याच विषयावर काम करत होता. त्यानं एक सावधगिरीची सूचना देऊन ठेवली आहे. आपल्या हाती येतात ते नोंदलेले गुन्हे. घडलेले सगळे गुन्हे कुणालाच माहीत नसतात. नोंदलेले आणि घडलेले यांचं प्रमाण सगळीकडं सारखं आहे असं गृहीत धरलं, तरच एका भागाची दुसऱ्या भागाशी तुलना करता येते. ते प्रमाण खरोखर सारखं असतं का? आपल्या धाराशिव जिल्ह्याच्या इतिहासात याचं उत्तर शोधू.

पॅरिसमध्ये गेरी नकाशे रंगवत होता, त्याच काळात आपल्याकडच्या वाटांवर प्रवासी नाहीसे होत होते. फिलिप मेडोज टेलर हा निजामाच्या नोकरीतला इंग्रज तरुण १८२० च्या दशकात हैदराबाद राज्याच्या नैर्ऋत्य भागात पोलीस कामावर होता. आपल्याला त्या कामावरून परत बोलावलं नसतं, तर ठगांचा छडा आपणच आधी लावला असता, असं त्यानं पुढं आत्मचरित्रात खेदानं लिहिलं आहे. छडा लावण्याचं श्रेय गेलं मध्य हिंदुस्थानातल्या विल्यम स्लीमनकडं. माफीच्या साक्षीदारांकडून स्लीमननं ठगांची सांकेतिक भाषा लिहून घेतली, त्यांच्या वंशावळी तयार केल्या आणि १८३६ मध्ये त्या छापल्या. टेलरनं १८३९ मध्ये त्याच विषयावर कादंबरी लिहिली. तिचं नाव 'कन्फेशन्स ऑफ अ ठग'. इंग्लंडमध्ये ती फार गाजली.

वाटमारी खरी होती, माणसं खरोखर मारली जात होती, याविषयी शंका नको. मला लक्ष वेधायचं आहे ते पद्धतीकडं. फ्रान्समध्ये गुन्हे मोजले जात होते आणि आपल्याकडं माणसांच्या याद्या तयार होत होत्या. १८३६ च्या कायद्यानं नुसतं ठगांच्या टोळीत असणं हाच जन्मठेपेचा गुन्हा ठरला. त्या माणसानं स्वतः काय केलं, हे सिद्ध करण्याची गरज उरली नाही. ठगांसाठी निघालेली ही वाट पुढं फार लांब गेली.

आता आपल्या जिल्ह्याकडं येऊ. १८५३ च्या तहानं निजामानं वऱ्हाड, रायचूर दुआब आणि नळदुर्गचा मुलूख इंग्रजांच्या हवाली केला. नळदुर्गला अधिकारी म्हणून आला तो हाच मेडोज टेलर. बोरी नदीवरच्या त्या किल्ल्यात, पाणीमहालाच्या शेजारी बसून त्यानं जमिनीची मोजणी, रस्ते आणि दरोडेखोरांचा बंदोबस्त ही कामं केली. १८५७ मध्ये त्याला वऱ्हाडात धाडलं आणि १८६० मध्ये नळदुर्ग पुन्हा निजामाकडं गेलं. सात वर्षांत एकाच मुलखात दोनदा राज्य बदललं. कायदा बदलला, पोलीस बदलले, दप्तराची भाषा बदलली. पुढं १८६५ च्या सुमारास सालारजंगानं जिल्हाबंदी केली, तेव्हा कुठं हैदराबाद राज्यात आजच्या अर्थानं जिल्हे आणि जिल्ह्याचे पोलीस आले. त्याआधी 'जिल्ह्यातले गुन्हे' ही गोष्टच नव्हती, कारण जिल्हाच नव्हता.

आणि मग ती सरहद्द. सोलापूर, बार्शी इंग्रजांचं. तुळजापूर, परंडा, नळदुर्ग निजामाचं. मध्ये ना डोंगर ना मोठी नदी. एका राज्यातली ज्वारी आणि दुसऱ्या राज्यातली ज्वारी एकाच बांधाला लागलेली. रात्री सोडलेला बैल पहाट व्हायच्या आत दुसऱ्या राज्यात जाई. पाठलाग करणाऱ्या शिपायाचा अधिकार मात्र बांधावर संपे. पुढं पत्रव्यवहार, परवानगी, ओळख पटवणं. त्यात हैदराबाद राज्यात दिवाणी मुलूख वेगळा, निजामाचा खासगी सर्फेखास वेगळा आणि जहागिरी वेगळ्या. चोरी एका दप्तरात आणि माल दुसऱ्या मुलखात, अशी ती गत. हद्दीवरचा माणूस इतरांपेक्षा जास्त चोरटा असतो, असं यावरून कुणी म्हणेल. माझ्या मते हद्द हीच चोराची सोय असते. जगात कुठल्याही सरहद्दीला हे लागू पडेल.

आता त्या लांब गेलेल्या वाटेकडं परत येऊ. १८७१ मध्ये इंग्रज सरकारनं गुन्हेगार जमातींचा कायदा केला. आरंभी तो उत्तरेत लागू होता, १९११ च्या कायद्यानं तो मुंबई इलाख्यातही लागू करण्याची वाट मोकळी झाली. जमातच्या जमात जन्मानं गुन्हेगार ठरवायची, तिच्या माणसांची नोंद करायची, त्यांनी ठरल्या वेळी हजेरी द्यायची, दाखल्याशिवाय गाव सोडायचं नाही. सोलापूरला तारेच्या कुंपणातली मोठी वसाहत झाली. तिथली माणसं गिरण्यांत कामाला जात आणि हजेरीला परत येत. त्या भागाला सोलापूरकर अजूनही 'सेटलमेंट' म्हणतात.

या कायद्यात आकड्यांच्या दृष्टीनं एक मोठी मेख होती. हजेरी चुकली तर तो गुन्हा. दाखल्याशिवाय पाहुण्याच्या गावी गेला तर तो गुन्हा. म्हणजे बायको बाळंत झाली म्हणून सासुरवाडीला धावलेला माणूस गुन्हेगार ठरून नोंदवहीत जाई आणि त्याच्या जमातीच्या नावावर एक गुन्हा वाढे. गुन्हे जास्त म्हणून पहारा, आणि पहारा म्हणून गुन्हे जास्त. तुमच्या-माझ्या आळीवर असा पहारा बसवला, तर वर्षभरात आपलीही आळी जिल्ह्यात पहिली येईल.

मुंबई प्रांतात हा कायदा १९४९ मध्ये गेला आणि ३१ ऑगस्ट १९५२ ला तो देशभर रद्द झाला. भटके-विमुक्त समाज तो दिवस विमुक्त दिन म्हणून पाळतात. पण १९५९ मध्ये मुंबई राज्यानं सराईत गुन्हेगारांचा कायदा केला. तो जमातीला लागू नव्हता, ज्याला पूर्वी शिक्षा झाली त्या माणसाला लागू होता. कागदावर हा फरक मोठा आहे. ओढ्याकाठच्या पालांपर्यंत तो १९६८ मध्येही पोचला नव्हता, हे मी डोळ्यांनी पाहिलं. लक्ष्मण गायकवाड यांचं 'उचल्या' हे आत्मकथन १९८७ मध्ये आलं आणि त्याला साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. त्यांचं धनेगाव लातूर तालुक्यातलं, आणि लातूर १९८२ पर्यंत आपल्याच जिल्ह्यात होतं. ते पुस्तक वाचताना मला पहिल्यांदा कळलं, की आमच्या घरच्या तक्रारीनंतर ओढ्याच्या पलीकडं काय झालं असेल.

पोटाचा आणि चोरीचा संबंध नाही, असं मी म्हणत नाही. जर्मन संख्याशास्त्रज्ञ गेओर्ग फॉन मायर यानं १८६७ मध्ये बव्हेरियाची १८३५ ते १८६१ पर्यंतची आकडेवारी मांडून दाखवलं होतं, की राय या धान्याचा भाव चढला की चोऱ्या वाढतात आणि उतरला की कमी होतात. धान्यच महागल्यावर जन्मानं चोर नसलेला माणूसही चोरतो. हे युरोपात कळून चुकल्यानंतर चारच वर्षांनी हिंदुस्थानात जन्मानं गुन्हेगार ठरवण्याचा कायदा झाला, याची मला नेहमी खंत वाटते.

इथवर आपण नोंदलेल्या गुन्ह्यांविषयी बोललो. आता न नोंदलेल्या गुन्ह्यांविषयी. आपल्या जिल्ह्याच्या इतिहासातलं सर्वांत रक्तरंजित वर्ष १९४८ चं. पोलीस कारवाईच्या आधी रझाकारांनी गावंच्या गावं लुटली, जाळली, माणसं मारली. किती कुटुंबं जीव मुठीत धरून बार्शी-सोलापूरकडं पळाली, हे आमच्या आधीच्या पिढीनं आम्हाला सांगितलं आहे. त्यांची फिर्याद घेणार कोण? त्याच काळात सरहद्दीलगतच्या छावण्यांतून आपले स्वातंत्र्यसैनिक निजामाचे करोडगिरी नाके जाळत होते. ते निजामी पोलिसांच्या दृष्टीनं दरोडेखोर होते. आज त्यांची नावं हुतात्मा स्मारकांवर आहेत. कृत्य तेच, लिहिणारा हात बदलला.

१७ सप्टेंबर १९४८ ला निजाम शरण आला आणि आपण मुक्त झालो. त्यानंतरच्या आठवड्यांत याच भागात उलट दिशेनं सूड घेतला गेला. त्याची चौकशी करायला पंडित नेहरूंच्या सरकारनं पंडित सुंदरलाल आणि काझी अब्दुल गफार यांना पाठवलं. त्यांनी उस्मानाबाद, गुलबर्गा, बीदर आणि नांदेड हे चार जिल्हे सर्वांत जास्त झळ पोचलेले ठरवले आणि या चार जिल्ह्यांत मिळून अठरा हजारांहून कमी माणसं मेली नसावीत, असा अंदाज दिला. मेलेल्यांत बहुतेक मुसलमान होते, आणि त्यांपैकी कितीतरींचा रझाकारांशी काडीचा संबंध नव्हता. हा अहवाल सरकारनं कित्येक दशकं प्रसिद्ध केला नाही. काही गावांत हिंदू शेजाऱ्यांनी जीव धोक्यात घालून मुसलमानांना वाचवलं, हेही त्यात नमूद आहे.

हा समितीचा अंदाज आहे, नेमकी मोजदाद नव्हे. पण जरा विचार करा. रझाकारांनी मारलेली माणसं असोत की नंतर मारली गेलेली, बहुतेकांच्या मृत्यूची फिर्याद नाही, तपास नाही, खटला नाही. ज्या राज्यात पारध्यानं उचललेली कोंबडी नोंदवली जात होती, तिथं हजारो खून बिननोंदीचे राहिले. गेरीसारखा कुणी त्या वर्षाचा नकाशा पोलिसांच्या कागदावरून रंगवायला बसला असता, तर आपला जिल्हा त्यात कदाचित फिका दिसला असता.

आता आजच्या याद्यांकडं पाहू. २०१६ च्या अहवालात दर लाख लोकसंख्येमागे भारतीय दंड संहितेखालच्या गुन्ह्यांचं प्रमाण केरळमध्ये सातशेच्या वर होतं. देशाची सरासरी २३० च्या आसपास आणि उत्तर प्रदेशाची सव्वाशेच्या आसपास. केरळात राहणं उत्तर प्रदेशात राहण्यापेक्षा पाच-सहा पट धोक्याचं आहे, असं कुणी म्हणेल का? खुनाच्या प्रमाणात तर केरळ देशाच्या सरासरीच्या खाली असतं. तिथं माणूस ठाण्यात जायला कचरत नाही आणि ठाण्यात त्याची तक्रार लिहून घेतली जाते, हे त्या मोठ्या आकड्याचं एक महत्त्वाचं कारण आहे. नोंद वाढली म्हणजे गुन्हे वाढले असं समजू नका, असं गुन्हे नोंद विभाग स्वतः आपल्या अहवालात बजावतो. पण ती सूचना बातमीत येत नाही, यादी येते.

कायदा बदलला की आकडा बदलतो, हेही ध्यानात ठेवायला हवं. चंद्रपूर जिल्ह्यात २०१५ मध्ये दारूबंदी झाली आणि २०२१ मध्ये ती उठली. त्या सहा वर्षांत चंद्रपुरात जी बाटली जवळ बाळगणं गुन्हा होता, ती शेजारच्या यवतमाळात दुकानात राजरोस मिळत होती. तेवढ्यावरून चंद्रपूरकर जास्त गुन्हेगार झाले, असं म्हणता येणार नाही. १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहिता लागू झाली आहे आणि कुठल्याही ठाण्यात हद्दीचा प्रश्न न काढता फिर्याद नोंदवण्याची तरतूद आता कायद्यातच आली आहे. माझ्या वडिलांच्या पिढीनं हद्दीवर जे भोगलं, त्यावर हा खरा इलाज आहे. तो नीट अमलात आला, तर पुढच्या काही वर्षांत आकडे वाढलेले दिसतील. ते वाढले तर घाबरू नका. एरवी ठाण्याच्या पायरीवरून परत गेली असती अशी माणसं त्यांत असतील.

मग हे आकडे फेकून द्यायचे का? मुळीच नाही. इतिहासाच्या शिक्षकाला कागदाशिवाय दुसरं काय असतं? फक्त यादी वाचताना तीन गोष्टी विचाराव्यात. त्या भागात, त्या वर्षी कायदा कशाला गुन्हा म्हणत होता? फिर्याद देणाऱ्याला ठाण्याचं दार उघडं होतं का? आणि पोलिसांची नजर कुणावर होती? खुनाचे आकडे त्यातल्या त्यात भरवशाचे, कारण शांततेच्या काळात प्रेत लपवणं अवघड असतं. चोरीचे कमी भरवशाचे. एका जमातीच्या नावावर लिहिलेले आकडे तर फारच सांभाळून वाचावेत.

आपल्या जिल्ह्याचं नाव २०२३ मध्ये धाराशिव झालं. याच तुळजापूर तालुक्यात यमगरवाडीला १९९० च्या दशकापासून पारध्यांच्या आणि इतर भटक्या-विमुक्तांच्या मुलांसाठी शाळा चालते. त्या बाजूनं जाताना मुलं गणवेशात शाळेकडं निघालेली दिसतात. ओढ्याकाठच्या त्या पालांत माझ्याच वयाची दोन-तीन मुलं होती, ती मला आठवतात. पोलीस आले तेव्हा ती रडत नव्हती. नुसती बाजूला होऊन उभी राहिली होती, जणू हे नेहमीचंच आहे.

घंगाळ अजून आमच्या घरी आहे. वडील जाऊन बरीच वर्षं झाली, चुलतेही गेले. आता कुणाला काही होण्याची भीती नाही, म्हणून हे बोलू शकलो, आणि फार उशिरा बोललो. ज्याला तीन महिन्यांची शिक्षा झाली, त्या तरुणाचं नाव मला माहीत नाही. आमच्या घरात कुणी ते विचारलं नाही. ते लिहिलेलं असेल तर एकाच ठिकाणी असेल, कुठल्या तरी जुन्या नोंदवहीत, चोर म्हणून.

(आकाशवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)